एकतीसपैकी अठ्ठावीस

शारजात रोलाच्या आसपास राहणाऱ्या मराठी घरांत साधनाचं नाव दोन गोष्टींसाठी निघायचं. एक तिच्या अळूवड्या, आणि दुसरं म्हणजे तिने टाईप केलेले बायोडेटा. पुण्याला बी.ए. करताना वडिलांनी हट्टाने टायपिंगची परीक्षा द्यायला लावली होती. लग्नानंतर सूर्यकांत नोकरीसाठी इकडे आला, मागून ती आली आणि तिच्यामागून एक इलेक्ट्रॉनिक टाईपरायटर आला. मग कुणाच्या भाचीचं लग्न जमवायचं असो की कुणाच्या दिराला दुबईत कुठेतरी चिकटवायचं असो, "साधनाकडे जा" हे ठरलेलं.

तिची खरी हातोटी शब्दांत होती. सावळी मुलगी तिच्या कागदावर गव्हाळ व्हायची. दोनदा नापास झालेल्या मुलाची नुसती पदवी यायची, सालं गळून जायची. मोडलेला साखरपुडा तर औषधालाही सापडायचा नाही.

"अहो, खोटं कुठे लिहिते मी?" ती सूर्यकांतला म्हणायची. "नुसती इस्त्री फिरवते. चुरगळलेला शर्ट घालून कुणी मुलगी बघायला जातं का?"

"आणि कॉलरच फाटलेली असली तर?"

"आत दुमडायची."

सूर्यकांत रास अल खैमाच्या टाइल्सच्या कारखान्यात होता. पहाटे कारपूलने जायचा, संध्याकाळी परत. दिवसभर साधना, दोन मुलं आणि चार मजल्यांची ती जुनी इमारत. त्या इमारतीचा वॉचमन होता जमाल.

जमाल अदनचा, येमेनमधला. पंच्याण्णव साली तो कामावर आला तेव्हा त्रेचाळीस-चव्वेचाळीसचा असेल. इतर इमारतींचे वॉचमन खुर्ची टाकून बसत, हा उभा असायचा. जिने रोज वरून खाली धुवायचा, पायरी सुटायची नाही. गॅसच्या रिकाम्या टाक्या भिंतीशी अशा एका रेषेत लावायचा की दोरी धरून बघावं. हिंदी बरी बोलायचा. अदनच्या थिएटरात लहानपणापासून हिंदी सिनेमे पाहिलेले, शिवाय वडील गोदीत मालाची मोजणी करायचे, तिथे मुंबईचे व्यापारी. साधनाला तो "उम्म शार्दूल" म्हणायचा, म्हणजे शार्दूलची आई. तिकडे बाईला तिच्या थोरल्या मुलाच्या नावाने हाक मारण्याची रीत. शार्दूल हा शब्द त्याच्या तोंडी फार भारदस्त वाटायचा. घरचे त्याला नुसतं शारू म्हणत.

एकदा हाच शारू जिन्यात बसून रणगाडा काढत होता. जमालने फडकं बाजूला ठेवलं, पेन्सिल मागून घेतली आणि तोफेचा कोन बदलला. मग वरचं झाकण काढलं आणि झाकणातून बाहेर आलेलं एक डोकं.

"यू ड्रोव्ह दिस, अंकल?" शार्दूलने विचारलं.

"नो. मैं मेजर था. मैं बोलता था, ड्राइवर चलाता था."

शार्दूल धावत वर आला. "ममा, जमाल अंकल वॉज अ मेजर! अ रिअल मेजर!"

साधना पोळ्या लाटत होती. लाटणं तसंच हातात राहिलं. आदल्याच दिवशी तिने या माणसाला कचऱ्याच्या पिशवीला गाठ नीट मारत नाही म्हणून सुनावलं होतं. त्याने "सॉरी, उम्म शार्दूल" म्हणून पिशवी उचलली होती.

त्यानंतर तिने कधी आवाज चढवला नाही. पण विचारलंही नाही. माणसाने स्वतःहून सांगेपर्यंत थांबायची तिला सवय होती.

शहाण्णवच्या उन्हाळ्यात मालकाची नोटीस आली. इमारत पाडून नवीन बांधणार. तीन महिन्यांत घरं खाली करा. भाडेकरूंना दुसरी घरं मिळणार होती, कटकट होती ती टेम्पोची आणि मुलांच्या बसची. जमालचं मात्र सगळंच जाणार होतं, कारण त्याचा व्हिसा इमारतीच्या मालकाकडचा. इमारत नाही तर वॉचमन नाही, वॉचमन नाही तर व्हिसा खलास.

आणि त्याची बायको आणि मुलगी अदनला होत्या. मुलगी अकरा वर्षांची. दोन वर्षं त्याने तिला पाहिलं नव्हतं. वॉचमनच्या व्हिसावर घरच्यांना बोलावता येत नाही, सुपरवायझरच्या येतं. हे सगळं साधनाला एका दमात कळलं, कारण नोटिशीच्या दुसऱ्या दिवशी त्याने पहिल्यांदा स्वतःहून तोंड उघडलं.

"परत गेलात तर?" तिने विचारलं.

"लड़ाई के बाद माफी है सबको," तो म्हणाला. "घर बैठो, हर हफ्ते दफ्तर में जाकर दस्तखत करो. जिसने मेरे आदमियों पर गोली चलाई, उसी के सामने." मग हसून म्हणाला, "बेटी पूछेगी, अब्बा किधर जाते हो हर हफ्ते?"

खोर फक्कानला सूर्यकांतच्या ओळखीचे एक रामेश्वर दळवी होते. नौदलातून निवृत्त झालेले, आता बंदरापाशी कंटेनर ठेवण्याच्या एका यार्डात माणसं भरायचं काम बघत. त्यांना पहाऱ्यासाठी सुपरवायझर हवा होता. "लष्करातला आहे? उत्तमच," ते फोनवर म्हणाले. "बायोडेटा घेऊन गुरुवारी पाठवा. मालक इंग्रजी कागद बघितल्याशिवाय पुढे सरकत नाहीत."

बायोडेटा म्हटल्यावर साधनाने पदर खोचला.

सूर्यकांत घरी नसताना जमाल उंबऱ्याच्या आत यायचा नाही. म्हणून दार सताड उघडं, त्याची खुर्ची पॅसेजमध्ये आणि साधना आत डायनिंग टेबलाशी टाईपरायटर घेऊन. त्याने थर्मासमधून चहा आणला होता, अदनच्या पद्धतीचा, दूध आटवून वेलची घातलेला. आपल्या घरचाच वाटावा असा. तिने बेसनाचे लाडू दिले. धाकटी मुग्धा मधोमध उंबऱ्यावर बसून दोन्हीकडचं खात होती.

जन्म बावन्न साली अदनला. इंग्रज होते तोवर त्यांच्या शाळेत. अठराव्या वर्षी सैन्यात. रणगाड्यांचं शिक्षण सोव्हिएत संघात, ओडेसाला. तिथे बर्फ इतका की पहिल्या दिवशी त्याने तो खिशात भरून ठेवला, खोलीवर जाऊन त्याच्याकडे बघत घरी पत्र लिहायला. नव्वद साली दक्षिण आणि उत्तर येमेन एक झाले. दोन्ही सैन्यं एकमेकांत मिसळावीत म्हणून दक्षिणेच्या तुकड्या उत्तरेत पाठवल्या, उत्तरेच्या दक्षिणेत. जमालची तुकडी गेली उत्तरेच्या डोंगरात.

"आमच्या समोरच, रस्त्यापलीकडे त्यांचा तळ," तो सांगत गेला. बोलताना तो लाडवाचे बारीक तुकडे करत होता, खात नव्हता. "मधे एक रस्ता. बस. त्यांच्याकडे पावाची भट्टी होती, आमच्याकडे नव्हती. अन्वर नावाचा कॅप्टन होता त्यांचा. रोज सकाळी आमचे तीन-चार पोरगे पाव आणायला जायचे आणि तिथेच गप्पा मारत बसायचे. संध्याकाळी फुटबॉल. चार वर्षं, उम्म शार्दूल. अन्वरच्या मुलाचं नाव मी सुचवलेलं."

"मग?"

"मग वरचे लोक भांडले."

त्या सकाळी रस्त्यापलीकडून पहिला गोळा आला तेव्हा पाव यायची वेळ झाली होती. जमालच्या हाताखाली एकतीस जण. रणगाड्यांत तेल नव्हतं, ते सोडायचे आणि दोन ट्रकमधून निघायचं, एवढंच करता येण्यासारखं होतं. त्याने हजेरीचा कागद काढला. नाव घ्यायचं, उत्तर यायचं "हादिर", म्हणजे आपलं हजर. एकतीस नावं, एकतीस वेळा हादिर. ट्रक निघाले.

"पहिल्या वळणानंतर डोंगराच्या आडोशाला थांबलो आणि डोकी मोजली. अठ्ठावीस."

"पण हादिर तर एकतीस आले होते ना?" साधनाने विचारलं.

"भट्टीवर गेलेल्यांचं नाव घेतलं की त्यांच्या वतीने त्यांचे दोस्तच हादिर ओरडायचे. चार वर्षं रोज असंच चाललं होतं. मला ठाऊक होतं आणि मी कानाडोळा करायचो. पावच आणायला गेलेत ना! त्या सकाळीही सवयीने ओरडले. ओरडल्यावर स्वतःच घाबरले, पण तोवर मी पुढचं नाव घेतलं होतं. मी कागदाकडे बघत होतो. वर बघितलंच नाही."

"परत नाही जाता आलं?"

"अठ्ठावीस जणांना घेऊन?" त्याने प्रश्नच परत दिला.

त्यापुढचं तो भराभर सांगून गेला. अदनपर्यंतचा रस्ता, दोन महिन्यांची लढाई, अदन पडलं त्या दिवशी मच्छीमारांच्या होडीतून पूर्वेकडे, तिथून ओमान, मग शारजा. मालकाचा मुनीम अदनचा निघाला म्हणून ही नोकरी. त्या तिघांचं काय झालं ते कळलं नाही. अन्वरचंही नाही.

"लिखो," तो म्हणाला. "इकतीस थे, अट्ठाईस निकले. और नौकरी क्यों छोड़ी, तो लिखो, हार गए."

असं कुणी लिहितं का! साधनाला त्याची मुलगी दिसत होती. अकरा वर्षांची, तिच्या डोळ्यांसमोर ती शार्दूलच्याच उंचीची होती. तिने इंग्रजीत लिहिलं, "सैन्याच्या पुनर्रचनेमुळे सेवामुक्त." आणि त्याच्यावर, ठळक अक्षरांत, "प्रत्यक्ष गोळीबारातून आपल्या संपूर्ण तुकडीचं यशस्वी नेतृत्व करून तिला बाहेर काढलं." मग ते हिंदीत वाचून दाखवताना त्या दोन ओळींवरून ती जरा लगबगीने गेली.

"सब लिखा?" त्याने विचारलं.

"यहाँ जैसे लिखते हैं, वैसे लिखा है, जमालभाई."

त्याचा चष्मा खाली खोलीत होता. त्याने तिच्या तोंडाकडे एकदा बघितलं आणि सही केली. बाकदार, सुबक सही. तिला त्या क्षणी जरा चरकल्यासारखं झालं, नाही असं नाही. पण मुग्धाने चहा सांडला आणि ते राहून गेलं.

गुरुवारी दुपारी दळवींचा फोन आला.

"वहिनी, हे काय प्रकरण पाठवलंत तुम्ही?"

"का? काय झालं? पोचले ना ते?"

"पोचले! कडक सलाम ठोकून उभे राहिले. म्हटलं बसा. बसेनात. म्हणाले, आधी पेन द्या. मला वाटलं सही राहिली असेल. तर या गृहस्थाने मालकांच्या समोर तुमच्या त्या झकास ओळीवर काट मारली हो! आणि वर लिहिलं, एकतीसपैकी अठ्ठावीस. मग खालच्या ओळीवर काट. तिथे लिहिलं, पराभव."

"अगं बाई."

"मालक म्हणाले, हा काय प्रकार? तर म्हणतो, टॅक्सीत दोन तास होते, वाचत आलो. लिहिणारी बाई चांगली आहे, चूक माझी, चष्मा न लावता सही केली. बोला आता! मालकांनी सुपरवायझरची जागा दुसऱ्याला दिली. पराभव लिहिणारा माणूस पहाऱ्याला ठेवत नाही म्हणाले."

तिने फोन ठेवला तो तणतणतच. संध्याकाळी जमाल परत आल्याची चाहूल लागताच ती जिना उतरून खाली गेली. तो गॅसच्या टाक्या हलवत होता. नवीन टाक्या आल्या होत्या, त्याही रेषेत लागायला हव्या होत्या.

"मुलगी नकोय का तुम्हाला?" तिने मराठीतच विचारलं आणि मग तेच हिंदीत.

जमालने टाकी खाली ठेवली. "उम्म शार्दूल, गुस्सा मत करो."

"गुस्सा नहीं करूँ? एक लाईन थी! किसका क्या बिगड़ता था?"

त्याने हात पुसले. मग तुटक शब्दांत तो जे म्हणाला त्याचा अर्थ असा होता, की त्या सकाळी तिघं जण कागदावर होते, ट्रकमध्ये नव्हते. कागदावर होते म्हणून मी निघालो. आता तुम्ही लिहिलंत, सगळी तुकडी बाहेर. म्हणजे ते पुन्हा कागदावर आले. मी पुन्हा तसाच निघालो. एकदा चुकीने सोडलं, दुसऱ्यांदा सही करून कसं सोडू?

मुलीचं, बायकोचं, व्हिसाचं, साधनाकडे सगळी उत्तरं होती. पण ती त्याला तिच्यापेक्षा जास्त ठाऊक होती. टॅक्सीत दोन तास तीच बरोबर होती.

"मैंने आपसे पूछा नहीं," ती शेवटी म्हणाली. "वो मेरी गलती है."

"आपने माँ जैसा लिखा," तो म्हणाला. "फौज जैसा नहीं." आणि टाकी उचलली.

त्या रात्री साधना आमटीत मीठ घालायला विसरली. सूर्यकांतने सगळं ऐकून घेतलं, वरून मीठ घेतलं आणि एवढंच म्हणाला, "कॉलर दुमडता येते गं. बाही नसली तर काय दुमडशील?"

शनिवारी दळवींचा पुन्हा फोन. या वेळी आवाज वेगळा. "वहिनी, तो तुमचा मेजर गेटवर बसेल का? हुद्दा गेट क्लार्क. त्याच्यावर फॅमिली व्हिसा होणार नाही, आधीच सांगतो. पण व्हिसा टिकेल, इथे राहता येईल." मग जरा थांबून म्हणाले, "मागच्या महिन्यात आमच्याकडे हजेरीत सगळे बाहेर पडलेले दाखवले आणि एक जण रिकाम्या कंटेनरमध्ये सावलीला झोपलेला सापडला. सील मारायला निघाले होते हो. दोन दिवस तो अठ्ठावीसचा आकडा माझ्या डोक्यातून जात नाही. मालकांना मी समजावलंय."

जमाल खोर फक्कानला गेला. त्याचं सामान म्हणजे एक ट्रंक, थर्मास आणि शार्दूलने दिलेलं रणगाड्याचं चित्र. इमारत पाडली. साधनाचं बिऱ्हाड अल नहदाला हललं.

बायको आणि मुलगी यायला आणखी अडीच वर्षं लागली. तेवढी वर्षं गेलीच. कुणी परत दिली नाहीत. मधे एकदा ईदला तो भेटायला आला तेव्हा साधनाने विचारलं, मुलगी कशी आहे. "आवाज बदल गया फोन पर," तो म्हणाला. त्या दिवशी तिला पुन्हा वाटलं, ती ओळ राहिली असती तर! खरं सांगायचं तर असं तिला अनेकदा वाटलं. अठ्ठ्याण्णवच्या शेवटी त्याला सुपरवायझर केलं आणि मग त्या दोघी आल्या.

साधनाने बायोडेटा टाईप करायचं सोडलं नाही. इस्त्रीही सगळी टाकली नाही. सावळी मुलगी अजून गव्हाळच व्हायची. पण समिधा नावाची एक ओळखीची मुलगी आली, तिचा साखरपुडा मोडला होता आणि आई मागून "ते नको लिहू" अशा खुणा करत होती, तेव्हा साधनाने आईला चहा ढवळायला आत पाठवलं आणि मुलीला विचारलं, "तुला काय लिहायचंय?" तसं तिने आधी कुणालाच विचारलं नव्हतं.

दोन हजार तीनच्या जानेवारीत सगळे खोर फक्कानला गेले. शार्दूल आता सोळा वर्षांचा, मुग्धा बारा. जमालच्या बायकोने तोच वेलचीचा चहा केला. मुलगी कॉलेजात जायची तयारी करत होती आणि बापाच्या हिंदीला हसत होती. चहानंतर जमालने पाकिटातून घडी घातलेला एक कागद काढला. साधनाने टाइपाची अक्षरं लगेच ओळखली. दळवींनी निवृत्त होताना तो त्याला परत दिला होता. तिची ठळक ओळ, तिच्यावरची काट, वर अठ्ठावीस. आणि आता अठ्ठावीसवरही काट होती. बाजूला निळ्या शाईत एकोणतीस.

"एक मिला," जमाल म्हणाला. "पिछले साल फोन आया. अन्वर ने उसको भट्टी के पीछे छुपाया, आटे की बोरियों में. तीन दिन."

"और अन्वर?"

त्याने मान हलवली. ते त्यालाही ठाऊक नव्हतं. दोघं अजून बाकी होते.

मग तो त्यांना यार्ड दाखवायला घेऊन गेला. डोंगर थेट समुद्रात उतरलेले आणि त्यांच्या पायथ्याशी रंगीत कंटेनरांच्या चळती. पाळी सुटायची वेळ होती. गेटपाशी कामगारांची रांग लागली होती. त्यातला एक जण मराठी ऐकून साधनाकडे वळला. गुहागरचा, नाव गणू.

"तुमचे वळखीचे काय हे सायेब?" त्याने हळूच विचारलं. "मानूस चांगला, पन लय चेंगट. नाव घेतल्यावर हजर म्हनलं तर चालत न्हाय. खिडकीशी जाऊन तोंड दाखवायचं. ताप आला आसंल तरी तोंड दाखवायचं. आवाजावर इस्वासच न्हाय त्यांचा."

"किती वर्षं असं चाललंय?"

"मी आल्यापास्नं. सा वर्सं." मग रांग पुढे सरकली आणि गणू खिडकीशी जाऊन उगाच दात विचकून उभा राहिला. जमालने न हसता खूण केली, पुढचा.

निघताना त्यांची गाडी त्याच गेटवर थांबली. आत जाताना वहीत चार लिहिले होते.

"चार, जमालभाई!" सूर्यकांतने काच खाली करून सांगितलं. "यल्ला, जाऊ द्या, शारजापर्यंत जायचंय."

जमाल खिडकीमागच्या केबिनमधून बाहेर आला. त्याने वाकून पुढच्या सीटवर बघितलं, मग मागच्या. मुग्धा आडवी झाली होती, तोंडावर ओढणी घेऊन.

"अंकल, वी आर ऑल हिअर," ती ओढणीखालून कुरकुरली.

जमाल तसाच वाकून उभा राहिला.

साधनाने मागे हात घातला आणि मुलीच्या तोंडावरची ओढणी बाजूला केली. "बघू दे त्यांना," ती म्हणाली. मुग्धाने डोळे किलकिले करून वर बघितलं. जमालने तिच्याकडे बघितलं, सरळ झाला आणि अडसर वर केला.